बर्मावाली

तुमसरच्या मिलमधून उकडलेल्या धानाचा वास यायला लागला की मला काही दिवस नीट वाचता येत नाही. यंदाही तसंच झालं. दिवाळी होऊन गेली, हलका धान कापून झाला, भारी धान बांध्यांमध्ये पिवळा होऊन उभा राहिला आणि शनिवारी भंडाऱ्याहून आईकडे येताना एसटीच्या खिडकीतून तो वास आत शिरला. ओलसर, जड, थोडा आंबूस. नव्या माणसाला तो भाताचा वाटेल. मला तो एका खोलीचा वाटतो. त्या खोलीत खिडकीपाशी बाज होती, बाजेवर बाबा होते आणि उशाशी स्वस्त कागदाच्या पुस्तकांचे दोन ढीग होते. मांडीवरचं पुस्तक मी मिटलं आणि बाहेर बघत बसले.

बाबांची नजर काचबिंदूनं नेली होती. ते गेले त्या वर्षी हृदयही थकलं. नागपूरच्या डॉक्टरांनी तपासून घरी पाठवलं आणि मला बाजूला घेऊन सांगितलं, आता त्यांना जे आवडतं ते करू द्या. बाबांना आयुष्यभर एकच गोष्ट मनापासून आवडली होती, ती म्हणजे वाचणं. तेच आता होत नव्हतं. म्हणून मी ऑफिसातून रजा घेऊन आले आणि त्यांचे डोळे झाले.

बाबा एसटीत कंडक्टर होते. लाखांदूरला मुक्कामी गाडी घेऊन जायचे तेव्हा तिकिटांच्या पेटीत एक काऊबॉयची कादंबरी असायचीच. तळहाताएवढी, मुखपृष्ठावर हॅट घातलेला माणूस, मागे लाल आभाळ. बसस्टँडजवळच्या वाचनालयातून ते दोन पुस्तकं आणत, एक स्वतःला आणि एक आईला. आईचं पुस्तक प्रेमकथेचं. त्याच्या मुखपृष्ठावरची माणसं एकमेकांच्या फार जवळ उभी असत, म्हणून आई त्याला आधी वर्तमानपत्राचं कव्हर घाली आणि मग उघडी. पुढे ते वाचनालय बंद झालं. मालकानं पुस्तकं रद्दीत काढली तेव्हा बाबांनी दोन पोती उचलून आणली. उशाशी होते ते त्यातलेच ढीग. एक त्यांचा, एक तिचा.

दुपारी जेवण झालं की मी वाचायला बसे. गोष्ट थोड्याफार फरकानं तीच. गावात एक अनोळखी घोडेस्वार येतो. कुठून आलास, असं लोक विचारतात, तो सांगत नाही. गावावर अन्याय करणारा कोणी असतो, त्याला तो धडा शिकवतो. एक बाई त्याला थांब म्हणते. तो थांबत नाही. भाषांतर करणाऱ्यानं त्या लोकांच्या ताटात मक्याच्या भाकरी वाढल्या होत्या आणि शेरीफला सगळे साहेब म्हणत. गोळी लागली की माणूस एकदाच ‘आह’ म्हणे आणि मरे. मरताना कोणी घाण करत नसे, कोणाला ताप येत नसे, कोणी पाणी मागत नसे. बाबा डोळे मिटून ऐकत. तो स्वार गावाबाहेर निघाला की त्यांचं तोंड घट्ट होई. तिथे मी थांबले तर म्हणत, “वाच न बाई, जाऊ दे त्याले.”

संध्याकाळी आईची पाळी. आई प्रेमकथा मोठ्यानं वाची, पण लाजेच्या जागा गाळून. बाबांना ते कळे. “मधातलं एक पान कुठं गेलं?” ते विचारत. आई म्हणे, कसरीनं खाल्लं. मग दोघं हसत. त्या महिन्यांतलं हसणं मला एवढंच आठवतं.

आता माझ्या आजोबांविषयी सांगायला हवं. त्यांचं नाव डोमा. आंधळगावचे. दुसऱ्या महायुद्धात सरकारला ब्रह्मदेशाकडे रस्ते बांधायला माणसं हवी होती, तेव्हा आपल्या भागातून जी पोरं मजुरांच्या तुकडीत भरती होऊन गेली त्यांत डोमा होता. तो गेला तेव्हा आजीच्या पोटात बाबा होते. युद्ध संपलं. काही जण परतले, डोमा परतला नाही. मग एक दिवस लाखांदूरकडचा एक माणूस खांद्यावर पिशवी घेऊन आजीचं घर विचारत आला. तो त्याच्याच तुकडीत होता. अंगणात बसून पाणी प्याला आणि म्हणाला की डोमा सुखरूप आहे. त्यानं तिकडे छोटं दुकान टाकलं आहे आणि तिकडचीच बायको केली आहे. आता तो काही यायचा नाही. एवढं सांगून तो माणूस जेवायला न थांबता निघून गेला.

आजी रडली, शिव्या दिल्या, आणि दुसऱ्या दिवशी मजुरीला गेली. तिनं बांगड्या उतरवल्या नाहीत. नवरा जिवंत असताना कशाला उतरवायच्या? छप्पनच्या दीक्षेला ती नागपूरला गेली तीही हातभर हिरव्या बांगड्या घालून. घरात त्या दुसऱ्या बाईचं नाव बर्मावाली पडलं. आजी तिच्याशी जन्मभर भांडली. ती बुटकी असेल, तिला धड नेसता येत नसेल, तिचा आवाज चिरका असेल. तलावाची मासोळी आणून रस्सा केला की पहिला घोट घेऊन आजी म्हणायची, “तिले येत असन का असा?” मी लहान होते, मला ते गमतीचं वाटायचं. मला तर बर्मावाली घरातलीच वाटे, दूर गावी राहणारी एक चुलत आजी असावी तशी.

बाबांना ते गमतीचं कधीच वाटलं नाही. शाळेत त्यांना पोरं बर्मावालीचा म्हणून चिडवत. बाप असून नसलेला. आजी बर्मावालीला बोले तेव्हा बाबा उठून बाहेर जात. वडिलांचं नाव ते फक्त कागदावर लिहायला लागलं तर लिहीत, तोंडानं घेत नसत. मी एकदा, कॉलेजात असताना, आजोबा कसे असतील असं विचारलं होतं. ते म्हणाले, “मले ठेवून गेलेला माणूस कसा असन, ते मी काहून सोचू?” आजी त्याच वर्षी गेली. बांगड्यांसकट.

त्या हंगामात, दिवाळीच्या सुमारास, आंधळगावचे एक निवृत्त गुरुजी घरी आले. ते कित्येक वर्षं सायकलवर गावोगाव फिरून, जिल्ह्यातून युद्धावर गेलेल्या माणसांच्या हकिकती गोळा करत होते. परत आलेले जे म्हातारे तेव्हा जिवंत होते त्यांच्याकडून त्यांनी ऐकून ठेवलं होतं, आणि आता त्याचं पुस्तक झालं होतं. फार पूर्वी त्यांनी बसमध्ये बाबांनाही विचारलं होतं. बाबांनी सांगितलं होतं की मला काही माहीत नाही, आणि पुढच्या सीटकडे वळून तिकिटं फाडली होती. तरी गुरुजी आठवण ठेवून पुस्तक घेऊन आले. बाबांनी ते हातात घेतलं, कव्हरावरून बोटं फिरवली आणि उशीखाली ठेवलं. गुरुजी गेल्यावर म्हणाले, घोडेवाला वाच.

बरेच दिवस ते उशीखालीच राहिलं. मग अवकाळी पाऊस आला. कापलेल्या धानाच्या कडपा शेतात पसरलेल्या होत्या, त्या भिजल्या. रस्त्यानं जाणारे लोक आभाळाकडे बघत आणि पुढे जात. मिलचा आवाज त्या दुपारी बंद होता. पावसाखेरीज काही ऐकू येत नव्हतं. बाबांनी उशीखालून पुस्तक काढून माझ्याकडे धरलं.

“आता हे वाच.”

मी वाचायला लागले. त्यात लढाई फार थोडी होती. चिखल होता. डोंगर कापून रस्ता काढायचा, रात्रीतून तो पावसानं वाहून जायचा, सकाळी पुन्हा कापायचा. जळवा पायावरून चढून मांडीपर्यंत जात आणि माणूस उभ्या उभ्या झोपलेला असल्यानं त्याला कळत नसे. मलेरिया होता, पटकी होती, हागवण होती. ओझ्याच्या खेचरांनी ओरडू नये, शत्रूला ठिकाण कळू नये, म्हणून त्यांच्या गळ्यातला आवाज कापून काढत. मग ती तोंड उघडत आणि त्यातून नुसती हवा येई. त्याच दुपारी, त्याआधी, मी कादंबरीतलं एक प्रकरण वाचलं होतं. त्यात स्वाराचा घोडा खिंकाळून त्याला सावध करतो आणि त्याचा जीव वाचतो. बाबांनी मला थांबवलं आणि खेचरांचं पुन्हा वाचायला लावलं. मग विचारलं की अशी मुकी खेचरं हाकणाऱ्या माणसांना तरी बोलू देत असतील का. मला काय माहीत?

त्यानंतरचे दिवस असेच गेले. दोन-चार पानं युद्धाची ऐकली की बाबा म्हणत, आता घोडेवाला. थोडं ते ऐकलं की पुन्हा युद्ध. संध्याकाळी आई. माझ्या डोक्यात तिन्ही पुस्तकं एकमेकांत शिरू लागली. चिखलाच्या रस्त्यानं हॅटवाला स्वार चालला आहे आणि त्याच्या घोड्याला आवाज नाही. आईची नायिका बंगल्याच्या गॅलरीत उभी राहून ज्याची वाट बघते तो पटकीनं लोळतो आहे. मी आईला म्हटलं, तुझी पुस्तकं खोटी आहेत. ती तांदूळ निवडत होती. तिनं शांतपणे सांगितलं की खोटी असली तरी त्यांत बाईच्या मनात काय चाललंय ते कोणीतरी विचारतं. तुमच्या दोन्ही पुस्तकांत, घोडेवाल्यात आणि युद्धवाल्यात, बाया फाटकापर्यंत येतात आणि तिथून पुढे त्यांचं काय होतं ते कोणी लिहीत नाही.

ते पुढचं पान आलं तेव्हा मी काही ठरवून वाचत नव्हते. एका म्हाताऱ्याची हकिकत होती. लाखांदूरकडचा, एवढंच गुरुजींनी लिहिलं होतं, त्याच्या सांगण्यावरून नाव घातलं नव्हतं. त्यानं नदीकाठच्या छावणीविषयी सांगितलं होतं. तिथे पटकीची साथ आली आणि आपल्या भागातली बरीच पोरं गेली. मग तो आपल्या बोलीत म्हणत होता, आणि गुरुजींनी ते तसंच ठेवलं होतं:

“वापस आल्यावर आमी कोणाच्या घरी खरं सांगतलंच नाही. सांगाचं तरी काय? का तुमचा माणूस हागवणीत गेला, अंगावर कपडा नव्हता, अन् आमच्या हातात ताकद नव्हती म्हणून त्याले पायानं ढकलून खड्ड्यात टाकलं? मंग कोणाले म्हटलं, त्यानं तिकडं दुकान टाकलं. कोणाले म्हटलं, बायको केली. बाई रडे, शिव्या दे, पण सांजच्याले चूल पेटवे. तेवढं पाहून आमी निघून जावो.”

वाचता वाचता माझा आवाज आपोआप बारीक झाला. आईचा सुपावरचा हात थांबला. बाबा म्हणाले, पुन्हा वाच. मी वाचलं. ते म्हणाले, पुन्हा. तिसऱ्यांदा मला वाचवेना, तेव्हा आईनं माझ्या हातातून पुस्तक घेतलं आणि तिनं वाचलं, एकही शब्द न गाळता.

मी गुरुजींना फोन केला. तो म्हातारा केव्हाच वारला होता. आपण कोणाकोणाच्या घरी गेलो, काय काय सांगितलं, हे त्यानं गुरुजींनाही सांगितलं नव्हतं. मी बाबांना म्हटलं की आपल्याकडे आलेला माणूस हाच होता असं काही नक्की नाही. अशी पुष्कळ माणसं परत आली असतील. आणि आजोबांनी खरंच तिकडे दुकान टाकलंही असेल.

“तुले वाटते तसं?” त्यांनी विचारलं.

मला तसं वाटत नव्हतं. 

आईचं म्हणणं वेगळं होतं. तो माणूस कोणी का असेना, त्यानं सासूबाईंवर उपकारच केले, असं ती म्हणाली. भांडायला कोणीतरी दिलं त्यांना. नवरा खड्ड्यात आहे हे कळलं असतं तर पदरातलं लेकरू वाढवायला त्या उठल्या असत्या की नाही, कोण सांगावं?

बाबा भिंतीकडे तोंड करून पडले होते. तसेच म्हणाले, “माय जगली. अन् मी?”

 तोंडावर ऊन पडलं होतं त्यांच्या आणि ते त्यांना दिसत नव्हतं. सोडून गेला, सोडून गेला म्हणत त्यांनी जन्म काढला होता. वडिलांच्या उल्लेखाला उठून बाहेर जाणारा तो पोरगा, वडिलांचं नाव न घेणारा तो कंडक्टर, लाखांदूरच्या मुक्कामात कंदिलापाशी बसून न थांबणाऱ्या स्वारांच्या गोष्टी वाचणारा. मला वाटे त्यांना त्या साहसासाठी आवडतात. आता वाटतं, निघून जाणारा माणूस चांगलाही असू शकतो, हे ते पुस्तकामागून पुस्तक तपासून पाहत होते. आणि जो गेलाच नव्हता, नुसता मेला होता, त्याच्यासाठी त्या सगळ्या ढिगात एकही पान नव्हतं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी सांगितलं की वडिलांचं पुण्यानुमोदन करायचं. आंधळगावच्या विहारात. आणि तेही आपण मरायच्या आधी.

नातेवाइकांना ते पटलं नाही. इतक्या वर्षांनी कशाला, म्हणाले. पुरावा काय, असंही एकानं विचारलं. डॉक्टर प्रवासाला नाही म्हणाले. बाबांनी कोणाशी वाद घातला नाही. ते जेवेनात. तिसऱ्या जेवणाला आई म्हणाली, गाडी सांग.

आम्ही गेलो त्या सकाळी ऊन चांगलं पडलं होतं. भिजलेल्या कडपा लोकांनी उलथून वाळवल्या होत्या, काही बांध्यांमध्ये पेंढ्या रचलेले पुंजणे उभे राहिले होते. काही ठिकाणी दाण्यांना मोड आले होते, तिथून कुबट वास येत होता. नागपूरला शिकणारा माझा मुलगा आला होता. त्यानं बाबांना उचलून विहारात नेलं आणि भिंतीला टेकवून बसवलं. पांढऱ्या कपड्यातले वीस-पंचवीस लोक होते. पुण्यानुमोदनात मरण पावलेल्या माणसाचा फोटो ठेवतात, हार घालतात. डोमाचा फोटो कधी निघालाच नव्हता. टेबलावर पांढरं कापड अंथरलं होतं आणि मेणबत्त्या होत्या. लोक येत, फुलं हातात घेऊन उभे राहत, आणि ती कुठे वाहावीत हे न कळून बुद्धाच्या मूर्तीपाशी ठेवून देत.

भंतेजींनी त्रिशरण-पंचशील दिलं. नाव विचारलं, मग निधनाचा दिवस विचारला. तो कोणालाच माहीत नव्हता. भंतेजींनी समजून घेऊन पुढे म्हटलं. सूत्र झाल्यावर बाबांनी सांगितलं की मला दोन शब्द बोलायचे आहेत. त्यांना दम लागत होता. माझ्या मुलानं माइक त्यांच्या तोंडाशी धरला.

“माझे वडील डोमा,” ते म्हणाले. मी त्यांच्या तोंडून ते नाव पहिल्यांदा ऐकत होते. “रस्ता बनवाले गेले होते. तिथंच मेले. त्यायनं दुसरं घर केलं नाही. आमाले सोडलं नाही.” मग काही वेळ नुसता श्वासाचा आवाज माइकमधून येत राहिला आणि त्यांनी हातानं खूण केली की झालं.

जेवणाच्या पंगतीत गावातली एक म्हातारी माझ्याजवळ येऊन बसली. ती आजीच्या ओळखीतली, लहानपणापासून आजीचं बोलणं ऐकलेली. तिनं हळूच विचारलं, “मंग ती बर्मावाली?”

मी सांगितलं की अशी कोणी नव्हतीच. म्हातारीनं हात थांबवून माझ्याकडे पाहिलं. तिला वाईट वाटलेलं स्पष्ट दिसत होतं, आणि ते डोमासाठी नव्हतं. तिला मी काय दोष देऊ? डोमाला त्या विहारात कोणीच पाहिलेलं नव्हतं. बर्मावालीला सगळे ओळखत होते. त्या दिवशी गावात खरं मरण जर कोणाचं झालं असेल तर ते तिचं झालं. मलाही, लपवून काय करू, ती गेल्याचं दुःख झालं.

परतताना बाबा गाडीत माझ्या मुलाच्या खांद्याला टेकून बसले होते. त्याचा हात हातात घेऊन ते चाचपत होते, मनगट, कोपर, दंड. त्याचं वय त्यांना माहीत होतं, तरी त्यांनी विचारलं. त्यानं सांगितलं.  तुमसर दिसायला लागल्यावर मला म्हणाले, “वंदू, तो याच्यापेक्षा लहान होता न बाई. पोरगं होतं.”

त्यानंतर त्यांनी पुस्तक मागितलं नाही. कोणतंच. मी विचारलं तर नको म्हणत. आई सवयीनं संध्याकाळी आपली प्रेमकथा घेऊन बसे, पण मनातच वाची. चुरणीचे दिवस आले, गावोगाव थ्रेशर फिरू लागले, हवेत तूस उडू लागला. बाबांचं अन्न कमी झालं, मग पाणी कमी झालं. कधी जागे असत, कधी नसत, आणि मधल्या अवस्थेत कोणाशी तरी बोलत. सुरुवातीला आम्हाला वाटलं की ते माझ्या मुलाला हाक मारताहेत. तशीच हाक होती, दारातून खेळायला पळणाऱ्या लेकराला मारतात तशी. कान देऊन ऐकल्यावर नाव कळलं.

शेवटच्या दिवशी सकाळी मी त्यांचे ओठ ओल्या कापसानं पुसत होते. ते म्हणाले, “डोमा, जेवला का रे?”

मी थांबले. ते उत्तराची वाट बघत होते, कपाळाला आठी घालून, दाराच्या दिशेला कान करून. पुन्हा त्यांनी तेच विचारलं. आई पलीकडच्या बाजूला बसली होती. तिनं त्यांच्या छातीवर हात ठेवला.

“जेवला,” ती म्हणाली. “आताच उठला ताटावरून. पोटभर जेवला.”

बाबांच्या कपाळावरची आठी गेली.